गार्नेटचं पोट

आईच्या गळ्यातला गार्नेट बाबांनी स्वतः घासलेला. पैलू नाहीत, बोराएवढा गुळगुळीत घुमट. पण इतका गडद, की बघणाऱ्याला काळाच वाटायचा. असा खडा मागून पोखरतात, म्हणजे उजेड आरपार जातो आणि लाली वर येते. आमच्या धंद्यात हे शेंबडं पोरही सांगेल. बाबांचा जीव मात्र वजनात अडकलेला. अभ्रकाच्या खडकात एवढा मोठा दाणा पुन्हा सापडायचा नाही, म्हणून त्यांनी तो तसाच ठेवला. आणि आई जन्मभर लोकांना "लाल आहे हो" असं सांगत राहिली.

आता तिची नजर चालली होती. डॉक्टरांनी हात टेकले होते. उरला होता तो उजेड आणि रंग, तेही धूसर.

"मला एकदा त्याचा लाल बघायचाय," ती म्हणाली.

"वजन जाईल," बाबा म्हणाले.

"वजन तुम्ही घाला गळ्यात. मला रंग द्या."

बाबांचे हात थरथरतात, म्हणून खडे घासायच्या चाकापाशी मी बसले. दुपार सुस्तावली होती. चाकावर पाणी ठिबकत होतं. ताटलीत त्या खड्याचे भाऊबंद ऊन खात पडले होते, मधाच्या रंगाचा गोमेद, एक गवती हिरवा, एक जांभळट. सगळे गार्नेटच, लाल रंगाचा मक्ता कुणी दिलाय त्यांना! गिऱ्हाइकं म्हणतात, हा खडा जवळ असला की दूर गेलेलं माणूस सुखरूप परत येतं. नजरेचं काय, ते कुणी सांगत नाही. पोखरता पोखरता खड्याच्या भिंती विरघळल्यासारख्या झाल्या. मी एका तांबड्या खोलीत उतरतेय आणि तिथे आई तरुण होऊन बसलीय, असं वाटायला लागलं.

"बास!" बाबा ओरडले. "फुटेल!"

मला रागच आला. "आयुष्यभर बास म्हणालात, म्हणून काळा राहिला."

आणखी केसभर पोखरलं. तडकला असता तर आईला मी पुन्हा काय दाखवणार होते?

तडकला नाही. पुसून तिच्या तळहातावर ठेवला. तिने तो डोळ्याला लावला आणि खिडकीकडे तोंड केलं.

"दिसतोय का लाल?" बाबांनी कसंबसं विचारलं.

"इकडे या. असे उजेडात उभे राहा."

बाबा निमूटपणे खिडकीशी जाऊन उभे राहिले.

"अगं बाई," आई म्हणाली, "लाजलात की काय?"

बाबा हसायला गेले आणि रडले. आई खडा डोळ्याला लावून त्यांच्याकडेच बघत राहिली.