समोरून वाचायचं पान

बोटांवरचं काळं ग्रीस. पडलेल्या दाताची फट. टेबलाच्या त्या बाजूची खुर्ची. गेट, गेट, गेट.

मी एक जुना इंग्रजी-मराठी शब्दकोश आहे, मित्रांनो. बांधताना माझ्या पानांचा एक गठ्ठा उलटा शिवला गेला. गिऱ्हाईक चाळत तिथवर आलं की नाक मुरडून मला परत ठेवी.

घरी नेलं ते सायकली दुरुस्त करणाऱ्या आजोबांनी. त्यांची लेक परदेशात. नातीला मराठी येत नव्हतं, आजोबांना इंग्रजी. आणि ती पहिल्यांदाच सुट्टीला येणार होती.

आजोबांनी मला चाळलं आणि ज्या क्रियापदानं सर्वांत जास्त जागा अडवली होती, तेच धरलं: गेट. मिळणं, आणणं, पोचणं, होणं, कळणं... अर्थ संपता संपेनात. नेमकं ते उलट्या गठ्ठ्यात! मला फिरवून धरत ते दुकानात घोकत बसत.

"अहो, एकाच शब्दाचं काय घेऊन बसलात? पोपट होईल तुमचा," आजी म्हणत.

"अगं, एवढी जागा अडवतोय म्हणजे बडी असामी असणार. याच्याशी ओळख झाली की बाकीचे येतील मागोमाग."

नात आली. आजोबांचं सगळं पाठांतर घशातच अडकलं. "गेट... गेट..." काहीच न कळून नात रडवेली झाली. गडबडून त्यांनी मला टेबलावर उघडलं आणि फिरवायचंच विसरले.

समोरच्या खुर्चीतून नातीला मात्र ते पान सुलटं दिसत होतं! तिनं वाकून दाताच्या फटीतून वाचलं, "गेट वेल."

"बरं होणं," आजोबा पानाकडे न बघताच म्हणाले.

"बरं होनं," नात म्हणाली. "गेट होम?"

"घरी पोचणं!"

सुट्टीभर दोघं असे समोरासमोर बसले. माझ्या समासांत ग्रीसचे ठसे उमटले.

आता ती मोठी झाली आहे. फोन करते, पण घाईत. मी कपाटावर असतो. आजोबा कधीतरी मला खाली काढतात, ते पान उघडतात. फिरवत मात्र नाहीत. समोरची खुर्ची रिकामी असते.

माझा कणा उसवला आहे. परवा आजी म्हणाल्या, "शिवून आणा की. ती उलटी पानंही सरळ होतील."

आजोबांनी मला परत कपाटावर ठेवलं.

मित्रांनो, जुनी पुस्तकं जरूर दुरुस्त करा. पण ती कुणी, कशी वाचली, ते आधी विचारा. माझा तेवढा गठ्ठा उलटाच राहू द्या.

मला पहिल्यांदा शिवताना तो गठ्ठा उलटा लावणाऱ्या बाईंना वाचता येत नव्हतं, ना इंग्रजी, ना मराठी.