बदाम लावलेले स्कोन

ओव्हनच्या काचेला नाक लावून मी परत एकदा पाहिलं. स्कोन काही फुगायचं मनावर घेत नव्हते. मी ओटा पुसला, पुसलेला पुन्हा पुसला, खिडकीत जाऊन रस्ता पाहिला आणि परत ओव्हनपाशी आले.

"पायाले भिंगरी बांधली का वं आज?" बाहेरून सासूबाईंनी विचारलं.

"काही नाही, आई. चार वाजत आले ना."

चार वाजता योगेंद्रराव, म्हणजे आमचे हे, चहाला दुकानातून घरी येतात. वर्ध्यात पाइप-फिटिंगचं दुकान, पिपरी मेघ्याला घर. स्कूटरवर येतात, चहा घेतात, जातात. त्यात घाबरण्यासारखं काही नाही. तरी मी मिनिटामिनिटाला घड्याळ पाहत होते.

स्कोन म्हणजे बिस्किट आणि पाव यांच्या मधलं प्रकरण. पुण्याच्या माझ्या बहिणीने, अंकिताने, ते फोनवर शिकवलं. पण आमच्या घरी त्याची गरज पडली ती सासूबाईंमुळे. पोळ्याच्या दिवशी त्यांनी सगळ्यांना पुरणपोळ्या वाढल्या, स्वतःच्या ताटात एक केळं ठेवलं आणि जाहीर केलं, की योगेंद्र खर्रा सोडत नाही तोवर मी धान्य खाणार नाही. केळझरच्या गणपतीला त्या सकाळीच तसं बोलून आल्या होत्या. म्हणजे मागे फिरायची सोय नाही.

खर्रा म्हणजे तंबाखू, सुपारी आणि चुना घोटून पन्नीत बांधलेलं आमच्याकडचं अमृत. योगेंद्रराव आठवडाभर हळहळले. मग दुकानातून येताना आईसाठी केळी आणू लागले. हातात केळी आणि खिशात पुडी.

आई भगरही खाईनात. "दाणा तो दाणाच. देवाले काऊन फसवाचं?" साबुदाणा आणि बटाट्यावर त्यांच्या बांगड्या कोपरापर्यंत सरकायला लागल्या, तेव्हा मी हे स्कोन सुरू केले. शिंगाड्याचं पीठ, बदामाची पूड, साखर, लोणी, दही, चिमूटभर सोडा. मसाल्यात दालचिनी, सुंठ, मिरी, लवंग. सोबत संत्र्याच्या आणि पेरूच्या फोडी साखरेत शिजवून केलेलं कंपोट. आई त्याला सरळ पाक म्हणतात. त्या चवीने खाऊ लागल्या, जरा भरल्या, आणि लेकाची उरलीसुरली टोचणीही गेली. "आई तर मजेत हाये," असं ते एकदा म्हणाले, तेव्हा मला ओव्हन उचलून रस्त्यावर फेकावासा वाटला. आईच्या उपासाला धार होती. ती मीच लोणी लावून बोथट केली होती.

पण आजची धास्ती वेगळी होती. स्कोन खाताना योगेंद्रराव दर वेळी म्हणायचे, तिखट झाला. मी मिरी काढली. तरी तिखट. लवंग काढली, सुंठ अर्धी केली. तरी तेच. आईंना तर काहीच झोंबत नव्हतं. मग माझ्या लक्षात यायला लागलं, की हे पोळीचे तुकडे हल्ली नखाएवढे करतात. जांभई देतात, तीही ओठ मिटल्यासारखी. मागे कॉलनीत दातांचं शिबिर झालं होतं. तिथल्या डॉक्टरीणबाई म्हणाल्या होत्या, तीन बोटं उभी तोंडात जायला हवीत; खर्ऱ्याने तोंड आधी झोंबतं, मग आखडत जातं, आणि पुढे कॅन्सरही होऊ शकतो. हे शिबिराला गेलेच नव्हते.

म्हणून आज मी पीठ दोन भागांत मळलं. एका भागात मसाला घातला, दुसऱ्यात काहीच नाही, वेलचीचा दाणासुद्धा नाही. बिनमसाल्याच्या स्कोनवर खुणेला एकेक बदाम लावला.

स्कूटर वाजली. मी चहा गाळला, सांडला, परत गाळला. बशीत बदामाचे दोन स्कोन ठेवून यांच्यापुढे सरकवले. कंपोट आंबट असतं, म्हणून तेही दिलं नाही. मनात म्हणत होते, देवा, यांना ते फिके लागू दे. मिळमिळीत झालं म्हणून माझ्यावर ओरडू दे.

त्यांनी स्कोन कुस्करला, चहात बुडवला आणि चमच्याने तोंडात घातला. डोळे बारीक झाले.

"आजबी तिखटच केलं का वं?"

मला एकदम रडू आलं आणि तितकाच रागही आला.

"त्यात मसालाच नाही," मी म्हटलं. "साखर आणि पीठ आहे फक्त. काय झोंबतं तुम्हाला? आ करा. अख्खा खाऊन दाखवा."

"मी काय लेकरू हावो का?" ते हसले. हसतानाही तोंड उघडलं नाही.

आईंनी माझ्याकडे पाहिलं, मग त्यांच्याकडे. उठून त्या लेकाच्या शेजारी बसल्या, बदामाचा दुसरा स्कोन उचलला आणि त्यांच्या ओठांशी नेला.

"आ कर, बाप्पा."

योगेंद्ररावांनी आ केला. मनापासून केला, मानेच्या शिरा ताणल्या. स्कोन जेमतेम दोन बोटं उंच होता. तो दातांवर अडला आणि बदाम खाली पडला.

आईंनी स्कोन बशीत ठेवला. यांनी मान खाली घातली, खिशातून पुडी काढली आणि आईपुढे धरली.

"मले काऊन देऊन राह्यला?" आई म्हणाल्या. "माह्यानं जे सोडणं होतं ते मी सोडून पाह्यलं. आता तुह्या हातानं फेक." मग माझ्याकडे वळल्या. "दिपाली, मले दोन पोळ्या कर."

"आई, गणपतीला बोललात ना?"

"त्याचं मी पाहून घेईन. तोबी मोदक सोडत नाई, त्याले समजते. उद्या याच्यासंगं दवाखान्यात मी जाईन. तिथं लाइनीत उभं राहाले ताकद पाह्यजे."

मी डोळे पुसले आणि कणकेचा डबा काढला. योगेंद्रराव पुडी हातात घेऊन स्वयंपाकघरात आले. कचऱ्याचा डबा कुठे असतो, हे लग्नाला इतकी वर्षं होऊनही त्यांना माहीत नव्हतं. त्यांनी फ्रिजच्या मागे पाहिलं, दारामागे पाहिलं, मग माझ्या तोंडाकडे पाहिलं.

डबा माझ्या पायाशीच होता. मी कणकेत पाणी घातलं आणि काही सांगितलं नाही. ते वाकून शोधत राहिले.