अकरावी शाल

शाल हरवल्याचं सोमवारी सकाळी साडेनऊला उघड झालं आणि दहा वाजेपर्यंत सगळ्या गोदामाच्या तोंडचं पाणी पळालं.

गोदाम म्हणजे जुना बिस्किटांचा कारखाना. भट्ट्या कधीच काढून नेल्या होत्या, पण भिंतींना अजून साखरेचा वास होता. आता तिथे एका चित्रपटाचे कपडे होते. लोखंडी दांड्यांवर सैनिकांचे कोट, पत्र्याच्या पेट्यांत बूट आणि खिडकीजवळच्या लांब टेबलावर रफूगाराचं सामान: सुया, भिंग, एक छोटी कात्री आणि दोरा नसलेली रिकामी रिळं. दोरा तो वापरतच नसे. ज्या कापडाला भोक, त्याच्याच काठातला धागा ओढायचा आणि त्यानेच भोक भरायचं. म्हणून त्याचं रफू कुणाला सापडत नसे. चाळीस वर्षं हाच धंदा, आणि हाच गर्व.

हरवलेली शाल नायिकेची होती. चित्रपट जुन्या काळातला, प्रेमाचा. युद्ध होऊन एका देशाचे दोन देश होतात, मधली नदी सरहद्द बनते. अलीकडच्या काठावर एक शाळामास्तरीण, पलीकडे तारखात्यातला एक कारकून. चार वर्षं ती त्याला शोधत फिरते, अंगावर तीच एक शाल, आणि शेवटी दोघं पुलावर भेटतात. चित्रीकरण मात्र शेवटापासून सुरू झालं होतं. पुलावरचा अर्धा प्रसंग झाला आणि नायकाने पायरी चुकून पाय मोडून घेतला. हाड जुळलं तोवर पुलाची दुरुस्ती निघाली. असे आठ महिने गेले. आता उरलेला अर्धा प्रसंग मंगळवारी घ्यायचा होता आणि पूल तेवढ्या एका दिवसापुरताच मिळाला होता.

ती शाल रफूगाराच्या बायकोने केली होती. केली म्हणजे, जुनी केली. तिचं कामच ते. दुकानातून कोरं कापड यायचं आणि ती त्याची चार वर्षांत व्हायची ती दुर्दशा चार दिवसांत करायची. चहाच्या पाण्यात उकळायची, किसणीवर घासायची, मेणबत्तीने कडा पोळवायची. नवरा फाटलेलं नवं करायचा, बायको नवं फाडायची. "आमच्या घरात कापडाला सुखाने जगू देत नाहीत," असं ती आल्यागेल्याला सांगायची.

तिला जाऊन पाच महिने झाले होते. या चित्रपटातलं जवळून दिसेल असं तिचं काम म्हणजे ती एक शालच. बाकीचे कोट गर्दीत.

कपडेखात्याची प्रमुख बाई होती, तिला सगळे 'कात्री' म्हणत. तोंडावर 'ताई', पाठीमागे कात्री. ती सकाळपासून पेट्या उपसत होती.

"हवेत विरली का? भोकं होती शालीला, पाय नव्हते!"

दिग्दर्शक आला. हा माणूस प्रत्येक प्रसंगानंतर एवढंच म्हणे, "छान! अजून एकदा." म्हणून त्याचं नाव 'अजून एकदा' पडलं होतं. तो दारातच उभा राहिला.

"सापडली?"

"नाही."

"अजून एकदा बघा."

कोणीतरी मागे फिस्सकन हसलं. तो हसला नाही.

"संध्याकाळपर्यंत सापडली तर ठीक. नाहीतर नवी शाल घ्या, जमेल तशी जुनी करा, आणि उद्या पुलाचा सगळा प्रसंग नव्याने घेऊ. आधीचा अर्धा टाकून देऊ. काय करणार?"

"टाकून?" रफूगाराने सुई खाली ठेवली.

"काका, अर्ध्यात एक शाल, अर्ध्यात दुसरी, असं चालेल का? लोक पैसे देऊन येतात."

तो गेला. रफूगार उठला आणि तोही शोधायला लागला. पेट्यांमागे, दांड्यांखाली, धुण्याच्या टोपल्यांत. गुडघे कुरकुरत होते. बायको असती तर म्हणाली असती, अहो, चष्मा डोक्यावर घालून चष्मा शोधणारा माणूस शाल काय शोधणार!

दोन तास सगळ्यांनी सात भोकांची शाल शोधली. मग कात्री दमून स्टुलावर बसली आणि निदान चालू काम तरी उरकावं म्हणून तिने कागद काढला. युद्धातल्या निर्वासित बायकांच्या शाली भाड्याने आणल्या होत्या. त्या परत करायच्या, म्हणून फाटलेल्या रफूगाराकडे दिल्या होत्या. आधी रफू, मग धुणं, असा क्रम. धुणं आज होतं.

"काका, भाड्याच्या शाली झाल्या?"

"शुक्रवारीच झाल्या. त्या काय, घडी करून ठेवल्यात. अकरा."

"दहा."

"अकरा, ताई. मी स्वतः केल्यात."

"अहो, भाड्याच्या दहाच होत्या. हे बघा, लिहिलंय."

रफूगार हळूहळू त्या घड्यांकडे गेला. सगळ्या तपकिरी, सगळ्या जाड लोकरीच्या, एखादी परकी मिसळली तरी कळू नये अशा. तो एकेकीचा कोपरा उलटा करून बघू लागला. सातव्या शालीच्या कोपऱ्यात, दुमडीच्या आत, हिरव्या धाग्याची बारीक गाठ होती. बायको आपल्या प्रत्येक कामाला अशी गाठ मारायची, वरची बाजू कुठली ते कळावं म्हणून.

तो मटकन खाली बसला.

"काय झालं? काका! पाणी आणा कुणीतरी!"

"पाणी नको. ताई, शाल सापडली."

"मग असं तोंड का?"

"मी ती रफू केली."

कात्रीने शाल ओढून घेतली, उलटी केली, सुलटी केली, उजेडात धरली. एक भोक नाही. दुकानातून आजच आणल्यासारखी धडधाकट.

"सातही?"

"सातही."

"अहो, तुमच्या बायकोच्या हातची शाल! तुम्हाला ओळखू आली नाही?"

रफूगाराला कापड दिसत नाही, भोक दिसतं. भिंगाखाली दोन बोटांएवढी जागा, उभे धागे, आडवे धागे. त्या आठवड्यात त्याने मान वरच केली नव्हती. गेले पाच महिने तो असाच काम करत होता. मान खाली असली की बरं वाटायचं.

कात्री आधी रागावली, मग तिला हसू फुटलं आणि ते आवरेना. "गावभर शोधलं हो! आणि ही इथे, डोळ्यांसमोर, ठणठणीत बरी होऊन बसलीय!" तिने डोळे पुसले. "चला काका. आता फाडा."

"मी?"

"मग कोण? भोकं कुठे होती ते तुम्हालाच ठाऊक."

"मी जन्मात कापड फाडलं नाही, ताई."

"रफू काढायचं. फाडणं म्हणू नका. हिशेब तोच, पण म्हणू नका."

तर तो खिडकीपाशी बसला आणि पहिल्यांदाच त्याला स्वतःच्या कामाचा राग आला. रफू सापडेना. धागा त्याच शालीच्या काठाचा, रंग तोच, वीण तीच. कात्रीने जुने फोटो आणले. प्रत्येक प्रसंगानंतर कपड्यांचे फोटो काढून ठेवायची पद्धत असते. पण फोटो सगळे समोरून. समोरची चार भोकं त्याने मोजून मापून शोधली. पाठीवरच्यांसाठी शाल खिडकीच्या काचेवर धरली आणि हाताने चाचपली. जिथे वीण जरा घट्ट लागली तिथे सुईचं टोक घातलं.

"काय हा कारागीर!" तो पुटपुटला. "जरा तरी चूक ठेवायची."

दुपारी नायिका आली. मुलगी मोठी नावाजलेली, पण गोदामात आली की पेटीवरच मांडी घालून बसायची. तिला सगळं कळलं होतं. ती आधी पोटभर हसली, मग गंभीर झाली.

"काका, मावशींनी मला प्रत्येक भोकाची गोष्ट सांगितली होती. त्यावरच मी पुलावर उभी राहिले. ती भोकं तशीच हवीत हं."

"गोष्ट?" त्याला आठवलं. बायको घरी काम करताना बडबडायची खरी. तो 'हं, हं' करायचा.

"सांगते की. हे खांद्यावरचं, तिने रात्री ओझी वाहिली त्याचं. हे कडेचं पोळलेलं, स्टेशनवर शेगडीजवळ झोप लागली तेव्हाचं. ही दोन शेजारी शेजारी, तारेच्या कुंपणाची. पाठीवरचं एक भिंतीला टेकून टेकून विरलेलं. आणि हे काठाजवळचं, एका पोराला पट्टी बांधायला धागे काढले त्याचं."

ती बोलत होती तसा तो उसवत होता. एकेक भोक परत येत होतं. गोल, विरलेलं, किसणीने घासलेलं. बायकोचा हात त्याला आता भिंगाशिवाय दिसत होता. सहा झाली.

"आणि सातवं?"

"डाव्या टोकाचं. माझं सगळ्यात लाडकं. त्यात बोट घालून मी पुलावर सगळा वेळ उभी होते. पण त्याची गोष्ट त्यांनी सांगितलीच नाही. मी विचारलं तर खूप हसल्या. म्हणाल्या, हे आमच्या ह्यांना विचार."

रफूगाराने डाव्या टोकाचे धागे काढायला घेतले. दोन निघाले, चार निघाले, आणि त्याचा हात थांबला. हे भोक गोल नव्हतं. काटकोनात फाटलेलं होतं. कापड जोरात पुढे गेलं आणि काहीतरी टोकदार मागे राहिलं की असं फाटतं. हे किसणीचं काम नव्हतं, मेणबत्तीचंही नाही. असं भोक त्याने जन्मात किमान तीस वेळा रफू केलं होतं. बायकोच्या बाहीला, ओढणीला, पडद्याला, स्वतःच्या सदऱ्याला.

घराच्या दाराच्या चौकटीला कमरेच्या उंचीवर एक खिळा होता. आधीच्या भाडेकरूने कधी काय टांगायला ठोकला, कोण जाणे. येता जाता कपडे त्याला अडकायचे. बायको म्हणायची, "अहो, खिळा काढायला दोन मिनिटं लागतात, रफूला दोन तास. पण तुम्ही रफूच करणार!" आणि तो म्हणायचा, "उद्या काढतो." मग भिंग घ्यायचा आणि रफू करायचा.

चित्रपटाची शाल घरी आणताना तीही त्याच खिळ्याला अडकली असणार. आणि या वेळी तिने ती नवऱ्यापुढे टाकली नव्हती. तशीच ठेवली होती. युद्धात खपून जाईल म्हणून.

तो हसायला लागला. आधी नाकातून, मग खदखदून. इतका की कात्री धावत आली.

"काय झालं आता?"

"ताई, या शालीने चार वर्षं युद्ध काढलं," तो म्हणाला, "आणि सगळ्यात मोठी जखम झाली आमच्या दारात."

त्याने नायिकेला खिळ्याची गोष्ट सांगितली. तिने ऐकून घेतली, बोट त्या भोकात घातलं आणि म्हणाली, "म्हणजे कुणालातरी सांगून सांगून दमलेली बाई. बरं झालं सांगितलंत. उद्या कामाला येईल."

दुसऱ्या दिवशी पुलावर लख्ख ऊन होतं. 'अजून एकदा' साहेबांनी नऊ वेळा अजून एकदा केलं. नायक पायाची काळजी घेत इतका सावकाश चालत आला की कात्री म्हणाली, "एवढ्या वेळात दोन देश परत एक होतील." कॅमेऱ्यातलं चित्र दाखवणाऱ्या छोट्या पडद्याशेजारी रफूगार उभा होता. शेवटी कॅमेरा जवळ गेला. नायिका नुसती समोर बघत राहिली, आणि शालीच्या टोकातून तिचं बोट आत-बाहेर होत राहिलं. पडदाभर ते काटकोनी भोक.

"थांबा," दिग्दर्शक म्हणाला. सगळे 'अजून एकदा'ची वाट बघू लागले. "झालं. हेच. हे भोकाचं कुणाला सुचलं?"

कात्रीने रफूगाराकडे पाहिलं.

"बायकोला," तो म्हणाला. "मी सामान पुरवलं."

संध्याकाळी तो घरी आला. हातात पिशवी, डोक्यात पुलावरचं ऊन. दार उघडून आत शिरताना सदऱ्याची बाही कशात तरी अडकली आणि टर्रकन आवाज झाला. त्याने बाही बघितली. काटकोनात. मग चौकटीकडे बघितलं.

हातोडी स्वयंपाकघरातल्या खणात आहे, हे त्याला माहीत होतं. त्याने पिशवी खाली ठेवली, दिवा लावला आणि भिंग काढलं.

खिळा अजून काढायचा राहिला आहे.