पेपरवाल्याची दिलगिरी

गडचिरोलीहून यष्टीनं अर्ध्या घंट्यावर आमचा फाटा. फाट्यावर पेपर येते तो एकच, अन् तो माह्या चहाच्या टपरीवर. येते म्हणजे, येत होता. मीच बंद केला. काऊन केला ते सांगते, पण मधात बोलू नका. मले राग लवकर येते, अन् मागच्या दिवाळीपासून तर तो नाकावरच बसून आहे.

पयले आमच्या गावची रीत आयका. सकाळी टपरीच्या बाकावर पाच-सहा माणसं बसतात. एक जण पेपर मोठ्यानं वाचते, बाकीचे चहा पीत आयकतात. वाचणारा ठरलेला, बिरजू. गालात तंबाखू-सुपारीचा खर्रा दाबून असा वाचते जसा कलेक्टरच भाषण देऊन राह्यला. हातात सगळ्याईच्या मोबाईल आहे, पण मोबाईलवरच्या गोष्टीले कोणी भाव देत नाई. पेपरात आलं म्हणजे झालं. मंग त्याच्यापुढे देवानं येऊन सांगतलं तरी हे लोक म्हणतील, देवा, तू पेपर वाचला नाई काय?

मागच्या दिवाळीच्या आधी आदेशचा बाबा गेला. आदेश माहा पोरगा, पुण्याकडे कंपनीत आहे. त्याचा बाबा म्हणजे माहा नवरा. नाव मी घेत नाई, लोक नथ्थूभाऊ म्हणत. आमचा धान कापणीले आला होता. सकाळी नवरा विळा घेऊन वावरात गेला, अन् धुऱ्यावर बसून खर्रा घोटत होता तिथीच वाघानं धरला. आमच्याच वावरात, आमच्याच बांधीत. बाजूच्या वावरातल्या लोकाईनं हाका मारून वाघ हाकलला. चार माणसांनी उचलून आणला त्याले. पाय धरले होते बिरजूनं.

वनखात्याचे लोक आले, पंचनामा केला, त्यात वावरच लिहिलं. मदत बी रीतसर भेटली. म्हणून आधीच सांगून ठेवते, ही पैशाची गोष्ट नाई.

दुसऱ्या दिवशी टपरी बंद होती. पेपर तरी पडलाच, अन् बाकावर बसून वाचला बी त्याईनं. मले काय मालूम! मी घरात भितीले टेकून बसली होती. शेजारची सीता जवळ आली, पाठीवरून हात फिरवला अन् कानात म्हणते, “सागवानाले गेले होते काय वो भाऊजी?”

मले समजलंच नाई. मंग तिनं पेपर आणून देल्ला. 'सागवान तोडण्यासाठी राखीव जंगलात शिरलेल्या इसमावर वाघाची झडप.' इसम! ज्या माणसानं जन्मभर दुसऱ्याच्या धुऱ्यावरची काडी उचलली नाई, त्याले लाकूडचोर केलं. ते बी प्रेत घरात असताना.

ही बातमी देल्ली विनोदभाऊनं. आमच्याकडे पेपरचा एजंट अन् पेपरचा बातमीदार एकच माणूस असते. सकाळी गठ्ठे वाटते, दुपारी बिलं वसूल करते, संध्याकाळी बातम्या पाठवते. त्या दिवशी हा पठ्ठ्या गावात आलाच नोता. घरी बसून कोणाले तरी फोन लावला, कोणी तरी काही तरी सांगतलं, अन् यानं लिहून पाठवलं. उंटावरून शेळ्या हाकणं म्हणतात ते हे.

मी म्हणली, जाऊ द्या. गावाले तर मालूम आहे न् खरं काय ते. अख्ख्या गावानं पाह्यलं.

कायचं गाव अन् कायचं काय! तेरवी झाल्यावर टपरी उघडली. बाकावर सगळे होते, पण पोचूभाऊ, आमच्यातला सगळ्यात वयस्क माणूस, त्यानं चहा घेताना माह्याकडे पाह्यलं नाई. एक जण दुसऱ्याले हळूच म्हणते, लालूच वाईट. मी गाळणी आपटली. “बिरजू, तू सांग याईले. तू पाय धरले होते न्? कुठी पडला होता तो?”

बिरजूनं खर्रा थुकला. “वावरातच होता, बाई. मी नाई कुठी म्हणतो? पण पेपरात आलं आहे न्. वाघानं जंगलातून वढत आणला असंल.”

वढत आणला असंल! स्वतःच्या डोयावर भरोसा नाई या भैताडाचा, अन् छापलेल्या कागदावर आहे.

महिना भरला तसा विनोदभाऊ फटफटीवर बिल घेऊन आला. मी म्हणली, “विनोदभाऊ, चूक झाली तर झाली. आता एक ओळ छापा, का माणूस वावरात गेला, चोरीले नोता गेला. या बाकावर वाचली गेली का मी मोकळी.”

“छापून आलं ते आलं, बाई,” तो म्हणते. “मी वरती पाठवलं. वरचे दुरुस्ती घेत नाईत.”

“मंग उद्यापासून पेपर टाकू नका.”

“असं कसं? तुमी डिपॉझिट भरून वर्षाची योजना घेतली. थर्मास भेटला न्? वर्ष पुरं झाल्याबिगर बंद होत नाई.”

मी थर्मास काढून त्याच्या फटफटीच्या सीटवर ठेवला. त्यानं तो उचलून परत टेबलावर ठेवला, हासला, अन् गेला. दुसऱ्या दिवशी पेपर हजर. तिसऱ्या दिवशी बी. मी रोज सांगे, तो रोज टाके. ज्या कागदानं माह्या नवऱ्याच्या तोंडाले काळं फासलं, तो रोज सकाळी माह्याच उंबऱ्यात येऊन पडे, अन् बिरजू तो माह्याच बाकावर वाचे. मी भजे बांधाले बी तो कागद कधी घेतला नाई.

माह्या बहिणीची पोरगी नीलिमा गडचिरोलीले वकिली शिकते. संक्रांतीले आली तर मी तिच्यापुढे सगळं ओकलं. पोट्टी हुशार. म्हणते, “मावशी, पेपर बंद कराले एजंटची परवानगी कायले लागते? तू ग्राहक आहेस. तोंडी सांगून काही होत नाई, लिहून द्याचं. एक अर्ज विनोदभाऊले, तुह्या कॉपीवर त्याची सही अन् तारीख घ्याची. दुसरा पेपरच्या वितरण विभागाले, रजिस्टर पोस्टानं. अमुक तारखेपासून पेपर नको, योजनेचं डिपॉझिट वापस करा. त्याच्यानंतर टाकला तर बिल द्याचं नाई. बंद होत नाई म्हणून सांगतात, तर तसं योजनेच्या कागदावर कुठी लिहून आहे ते दाखवा म्हणाचं. नाईच आयकलं तर ग्राहकाचा फुकट फोन आहे, त्याच्यावर तक्रार. त्याच्याही वरती ग्राहक आयोग.”

“लिव मंग,” मी म्हणली. “पयले लिव का माहा नवरा चोर नोता. मंग पेपर बंद कराचं लिव.”

नीलिमानं पेन खाली ठेवला. “मावशी, ते खातं अलग आहे. पेपर ही वस्तू, तिचा हक्क ग्राहकाचा. बातमी खोटी, तिच्यासाठी संपादकाले नोटीस द्या लागते, प्रेस कौन्सिल आहे, कोर्ट आहे. दोन गोष्टी एका अर्जात घालू नको.”

“कायचं अलग खातं? विकणारा विनोद, लिवणारा बी विनोद. त्याचा धंदा दुखला का त्याची अक्कल ठिकाणावर येते. एकाच कागदावर लिव.”

तिनं पुन्हा समजावलं, मी पुन्हा भांडली. शेवटी लिहिलं बिचारीनं, मी म्हणली तसंच. वर नवऱ्याचं, खाली पेपरचं.

विनोदभाऊनं सही कराले कुरकुर केली. मी म्हणली, सही नाई तर चहा नाई, अन् भर बाजारात बोंब मारीन ते वेगळी. केली सही. दुसरी कॉपी रजिस्टर पोस्टानं गेली. तरी पेपर पडतच राह्यला. मी घडी न उघडता एकावर एक रचून ठेवले, बिरजूले हात लावू देल्ला नाई. पंधरा दिवस वाट पाह्यली. मंग नीलिमानं त्या फोनवर तक्रार टाकली, अन् अर्जाची कॉपी बी पाठवली. काय सांगू बाप्पा, आठ दिवसात पेपर बंद! विनोदभाऊ स्वतः येऊन रद्दी अन् थर्मास दोन्ही घेऊन गेला. मान खाली. मले असं वाटलं का आता नवऱ्याचं बी काम होते. आता याची अक्कल ठिकाणावर आली.

मंग एक दिवस पोस्टमननं लिफाफा देल्ला. वरती लाल अक्षरात पेपरचं नाव. माहे हात चहापत्तीचे होते. तेवढ्यात बिरजूनं लिफाफा घेतला, फाडला, अन् मधूनच कुठून तरी वाचाले लागला, “आपल्याला झालेल्या मनस्तापाबद्दल आम्ही मनःपूर्वक दिलगीर आहोत.”

बाक उठून उभा झाला. “माफी मांगली वो पेपरनं!”

पोचूभाऊनं इतक्या महिन्यात पयल्यांदा माह्याकडे पाह्यलं. “नथ्थू तसा नोताच, गुणाबाई. मी पयलेच म्हणत होतो.” बिरजू म्हणते, “वावरातच गेला नथ्थूभाऊ. मी पाय धरले होते, मले मालूम नाई काय?” मले रडू आलं. तिथीच, चुलीपुढे, पदर तोंडात घालून रडली मी. देवा, सुटला माहा माणूस.

मंग डोये पुसून मी चिठ्ठी हातात घेतली. सुरुवातीपासून वाचली. 'आपले वर्तमानपत्र बंद करण्यास आमच्या एजंटकडून झालेल्या विलंबामुळे...' दिलगिरी त्याची होती. डिपॉझिट वापस कराचं होतं. पुढे पुन्हा ग्राहक होण्याची विनंती होती. नवऱ्याबद्दल एक अक्षर नाई.

घडी करून पोलक्यात ठेवता आली असती. झाकली मूठ सव्वा लाखाची. बाकावर सगळे खुशीत होते, कोणी चिठ्ठी मांगत नोतं. पण एका खोट्या छापील ओळीपाई मी इतके महिने जळली होती. आता दुसऱ्या खोट्यावर माणूस सोडवून घेऊ? माह्यानं राहवलं नाई. मी ते चिठ्ठी पयल्या ओळीपासून शेवटपर्यंत मोठ्यानं वाचली.

बिरजू विचार करून म्हणते, “म्हणजे बातमीबद्दल माफी नाई.”

“नाई.”

“पेपर बंद कराले उशीर झाला, एवढ्याशा गोष्टीची माफी मांगतात ते लोक. बातमी खोटी असती तर तिची नसती मांगली काय?” त्यानं पोचूभाऊकडे पाह्यलं. “मंग खरीच असंल, बाई.”

पोचूभाऊनं मान हालवली अन् चहात पाहाले लागला.

ते चिठ्ठी तशीच चुलीत टाकली असती तर माहा नवरा गावासाठी आपल्या वावरात मेला असता. मी खरं वाचलं, अन् माह्याच तोंडानं त्याले चोर केलं.