पुरणप्रिय पुत्रा

रंभाबाई शिकल्या दुसरीपर्यंत, पण पाठांतर असं की बुधवाऱ्यातल्या मंडळानं गणपतीच्या नाटकातलं राणीचं काम दुसऱ्या कुणा बाईला देऊन दाखवावंच. सून ज्योत्स्ना ओट्याशी उभी राहून वही वाचायची, रंभाबाई काम करता करता घोकायच्या. जीभ घसरली ती एकदाच, पोळ्याच्या दिवशी, पुरण वाटताना. "प्राणप्रिय पुत्रा, रणात पाठ दाखवू नकोस" म्हणायचं, तर निघालं "पुरणप्रिय पुत्रा." दोघी डोळ्यांत पाणी येईस्तोवर हसल्या. तिसरं कुणी घरात नव्हतं. हे बाहेर जाऊ देऊ नको वं, असं त्यांनी बजावलं, आणि सुनेनं गळ्याची शपथ घेतली.

मंचावर एक अक्षर चुकलं नाही. मुकुट नाकावर आला, सेनापती धोतरात अडकून आडवा झाला, तरी राणीनं वाक्य पुरं केलं. नेपानगरहून आलेली त्यांची बहीण डोळे पुसत होती.

दसऱ्यानंतर मुलानं, निलेशनं, त्याच नाटकाची दहा मिनिटांची फिल्म करून मंडळाच्या हॉलात लावली. रंभाबाई ठेवणीतलं लुगडं नेसून पहिल्या रांगेत. पडद्यावर सगळं काळं-पांढरं, माणसं दुडूदुडू पळतायत, बोलणं काढूनच टाकलेलं, नुसती पेटी वाजतेय. राणी तोंड उघडते, मिटते, मग काळ्या पाटीवर अक्षरं येतात. बाईंनी 'पु'ला 'र' जोडेपर्यंत हॉल लोटपोट झाला आणि पाटी गेली. त्यांना वाटलं, मुकुटाला हसले. त्याही हसल्या. लोकांनी ओरडून तेवढाच तुकडा परत लावायला लावला, तेव्हा त्यांनी पाटी पुरती वाचली.

मुकुटाचं काही नव्हतं, तो घसरलाच होता. पण 'पुरणप्रिय' हे त्या मंचावर बोलल्याच नव्हत्या. बोलल्या होत्या ते बरोबर, आणि तेच पुसलेलं.

घरी त्यांनी सुनेला एवढंच विचारलं, पाटी कुणी सांगितली. निलेशला हसवणारं काही सुचत नव्हतं, असं ज्योत्स्ना पुटपुटली, मग म्हणाली,

"आई, मजाकच तर आहे. लोक प्रेमानंच हसले."

"लोकांचं मी विचारलंच नाही."

आठ दिवसांनी मंडळाचे यादव सर नव्या नाटकाची वही देऊन गेले. ज्योत्स्ना सवयीनं वाचायला बसली. रंभाबाईंनी वही तिच्या हातातून काढून घेतली, चष्मा लावला, पहिल्या ओळीवर बोट ठेवलं. अडलं तर सांगा, असं सून दोनदा म्हणाली. त्यांनी बोट पुढच्या अक्षरावर नेलं.

दिवेलागणीपर्यंत अडीच ओळी झाल्या.