पिवळ्या लोकातला सिताराम

ताडकळसच्या बाजाराचा दिवस होता. भाजीच्या पालांपेक्षा जास्त गर्दी मैदानाच्या कडेच्या मांडवात होती.

"हे अध्यात्म नाही, विज्ञान आहे!" वर्णानंद महाराज माईकवर गरजत होते. "रंगाला वजन असतं, भक्तहो. पिवळा हलका, म्हणून वर तरंगतो. लाल जड, म्हणून तळाला बसतो. विश्वाला तेरा मजले आहेत. सगळ्यात वर पीतलोक, तळघरात रक्तलोक. गेलेला माणूस ज्या मजल्यावर असेल, त्याचा रंग त्याच्या जोडीदाराच्या तळहातात उतरतो. परदेशात यंत्र लावून मोजलंय!"

कुणी मोजलं, कशानं मोजलं, हे कुणी विचारलं नाही. तेरा मजले ऐकूनच लोकांना दम लागला होता.

महाराजांसमोर एक पिवळं कापड ताणलेलं होतं. शिष्यानं तळहातावर पाणी शिंपडायचं आणि माणसानं पंजा कापडावर दाबायचा. कापड पिवळंच राहिलं, तर गेलेला वर पोचला. लाल पंजा उमटला, तर अडकला.

सरकी-पेंडीचं दुकान चालवणाऱ्या बसप्पानं पंजा दाबला. त्याची बायको चन्नबसम्मा मागच्या उन्हाळ्यात गेली होती. हात उचलला तर खाली लालभडक पंजा. मांडवातून "आगं बया!" असा आवाज उठला.

"तळघर," महाराज हळहळले.

"पर महाराज, आमच्यात गेलेलं मानूस लिंगैक्य व्हतंय म्हनतेत. शिवात मिसळतंय. मग ही खाली कशी ऱ्हायली?"

"शिव तेराव्या मजल्यावर, बसप्पा. जिना चढायला नको? तिचं लाडकं लुगडं पुढच्या बाजारी आणून द्या. त्याचा रंग आम्ही ओढून घेतो. ती हलकी होईल, चढेल."

बसप्पा घरी आला. त्यानं पेटी उघडली. लाल पदराचं इरकल तेवढं उरलं होतं, बाकीची लुगडी पाहुण्यारावळ्यांत वाटून झाली होती. पदरात तोंड घातलं की ती अजून सापडायची. पण ती तिकडं अंधारात बसलेली असताना आपण इथं पदर धरून बसायचं, हेही पटेना. त्या रात्री त्यानं भाकरी तोडली नाही.

चन्नबसम्मा गेल्यापासून धुणं त्याचं त्यालाच करावं लागायचं. दोन दिवसांनी तो सदरा घेऊन धुण्याच्या दगडावर बसला. सदऱ्यावर वरणाचा पिवळा डाग होता. त्यावर साबण घासला आणि डाग लालभडक झाला.

"तळघर!" बसप्पा ओरडलाच.

शेजारच्या भिंतीवरून कडूबाईनं डोकं काढलं. "काय वरडायलाव भाऊ? हळदीच्या डागाला साबन लागला की लाल व्हतंयच. लिंबू पिळा, परत पिवळं. एवढं म्हाईत न्हाई? बायको व्हती तवर डाग काय आपोआप निघायचे व्हय?"

बसप्पानं आपल्या हाताकडं पाहिलं. तंबाखू मळून मळून तळहाताच्या रेघांत चुना बसला होता.

"कडूबाई, तुमचा पंजा काय आला वं?"

"पिवळा! माझा मालक सिताराम दारूपायी उभ्या जन्मात शुद्धीवर नव्हता, त्यो सरळ तेराव्या मजल्यावर. आन आमची चन्नबसम्मा, जिनं मुंगीला पाय लावला न्हाई, ती तळघरात! मी तवाच म्हनलं, ह्या जिन्यात कायतरी घोळ हाय."

"खाली कोन कोन अडकलंय?"

"समद्या बाया."

"आन वर?"

"समदे बापे." कडूबाईची नजर त्याच्या तळहातावरच्या चुन्याकडं गेली. "आगं बया... बायको मेलेल्याच्या हाताला चुना. आमच्या हाताला कुठला?"

पुढच्या बाजारी स्टेजवर लुगड्यांचा ढीग पडला होता आणि मागं टेम्पो उभा होता. बसप्पा इरकल काखेत धरून आला. त्याच्या खिशात लिंबू होतं. कडूबाई आधी पुढं झाली.

"महाराज, आमच्या मालकाचं परत बघा बरं."

पंजा दाबला. लाल!

"आता वं! मागल्या बाजारी तर वर व्हता. पडला का काय?"

"त्याचं पाप आज उघडं झालं, माई."

"मेल्यावर कुठं पेला त्यो? वरबी हातभट्टी हाय का?"

मांडव खदखदून हसला. तेवढ्यात बसप्पानं पंजा दाबला. कापड पिवळंच राहिलं.

"पाहा!" महाराज सावरले. "लुगडं नुसतं काखेत घेतलं, तर चढली!"

"चढली न्हाई महाराज. मी हात धुवून आलो."

त्यानं लिंबू कापून कापडावरच्या कडूबाईच्या लाल पंज्यावर पिळलं. लाल रंग गेला आणि पिवळा परत आला.

"घ्या, सितारामबी चढला. अर्ध्या लिंबात तेरा मजले!"

हशा ओसरल्यावर बसप्पा लोकांकडं वळला. "ह्ये कापड हळदीत भिजवून वाळवलंय. हळदीला चुना लागला की ती लाल व्हती. कडूबाईनं आज माझ्या डबीतला चुना हाताला चोळलाय. आपुन बापे दिवसभर तंबाखू मळतो, म्हून आपल्या बायका खाली. अन् घरचं कुंकू कशाचं करतेत? हळदीचंच, खार-चुना देऊन. माझ्या बायकोनं जलमभर त्येच कपाळाला लावलं. मग ती काय जित्तेपनीच तळघरात व्हती?"

एकेक बाप्या आपला तळहात उलटसुलट करून पाहू लागला. मग एकजण उठला आणि ढिगातून आपल्या बायकोचं लुगडं शोधू लागला. मग दुसरा उठला. टेम्पो निघाला तेव्हा तो रिकामा होता. पिवळं कापड तेवढं मागं राहिलं आणि पोरांनी संध्याकाळपर्यंत त्याच्यावर लिंबं पिळली.

बसप्पा घरी आला. सवयीनं त्यानं तंबाखू मळली आणि इरकल पेटीत ठेवायला हात पुढं केला. मग तो थांबला. "चुन्याचा हात लावू नगा," असं ती रोज ओरडायची. तो उठून नळावर हात धुवायला गेला.

चमत्कार दिसला की आपण आधी हात जोडतो. आधी हात धुवावेत, पुन्हा एकदा पाहावं. मग जोडावेसे वाटले तर जोडावेत.