माझ्या अंगावरची निळी रेघ

मित्रांनो, मी एक जुना नकाशा आहे आणि अजून धक्क्यातून सावरलेलो नाही. एवढं वय झालं, आता आपल्याला कशाचं काही वाटायचं नाही, अशा भ्रमात मी होतो. तो भ्रम गेल्या शनिवारी पार फिटला.

माझा जन्म लायडन या डच शहरातल्या एका छापखान्यातला. माझ्यावर कोरिया संपून चीनचा मांचुरिया सुरू होतो तो मुलूख आहे. एका बर्फाळ डोंगरातून तुमेन नावाची नदी निघते. तिच्या उगमाजवळची जमीन कुणाची, यावरून चीन आणि कोरिया यांचा जुना वाद होता. मला रेखाटणाऱ्या कारागिरासमोर तीन नकाशे होते आणि तिन्हींत सीमा वेगवेगळी! बिचारा तिकडे कधी गेलेला नव्हता. त्याने बराच वेळ डोकं खाजवलं आणि तेवढ्या भागात नुसते ठिपके दिले. ठिपके म्हणजे 'आम्हांला ठाऊक नाही'. इतकं खरं बोलणारे नकाशे फार नसतात, हे मी जरा फुशारकीनेच सांगतो. ठिपक्यांच्या मधोमध त्याने बारीक अक्षरांत एका गावाचं नाव लिहिलं, 'बामगोल'. कुणा प्रवाशाकडून त्याने ते ऐकलं होतं.

मग मला कापडावर चिकटवलं, वार्निश लावलं आणि मी नायमेखनच्या एका शाळेत भिंतीवर चढलो. मुलं माझ्याकडे माना उंचावून बघायची. पण काय सांगू मित्रांनो, तिथे धक्क्यांना तोटा नव्हता. एके दिवशी गुरुजी म्हणाले, चीन आणि जपानने करार केला, आता नदी हीच सीमा. कोरियाला कुणी विचारलंच नाही. पुढे म्हणाले, कोरियाच जपानने घेतला. मग म्हणाले, मांचुरियात नवाच देश निघाला. काही वर्षांनी तोही गेला. मी तोच, भिंत तीच, आणि मुलूख दर खेपेला दुसऱ्याचाच! माझी मती गुंग व्हायची. शेवटी गुरुजीही कंटाळले असावेत. त्यांनी मला गुंडाळलं आणि कपाटामागे उभं केलं. तिथे मी धूळ खात किती काळ काढला, ते मलाही आठवत नाही.

एका जुन्या सामानाच्या दुकानातून मला नीलिमाने आणलं. नीलिमा पुण्याची, चिप बनवणाऱ्या यंत्रांवर काम करते आणि फेल्डहोवन या डच गावात राहते. तिने मला दिवाणखान्यात टांगलं आणि ऑफिसातल्या हे-रान नावाच्या मैत्रिणीला माझा फोटो दाखवला. हे-रान चीनमधल्या कोरियन वस्तीतली, यान्जी शहरातली. फोटो मोठा करून बघता बघता तिचे डोळे भरून आले. बामगोल हे तिच्या आजीचं गाव. पुरानंतर ते उठलं आणि आजच्या कुठल्याच नकाशात त्याचं नाव नाही. आजी आता खूप थकली होती. आपलं गाव खरंच होतं, हे कुठेतरी लिहिलेलं दिसावं, एवढी एकच तिची इच्छा होती. रविवारी सकाळी हे-रान इथे येऊन व्हिडिओ कॉलवर आजीला माझ्यावरचं ते नाव दाखवणार, असं ठरलं. माझी छाती अभिमानाने फुगली.

त्या दिवसांत नीलिमाचे वडील, अरुण सर, पुण्याहून आले होते. जन्मभर त्यांनी भूगोल शिकवला. त्यांची एक सवय घरात सगळ्यांना माहीत होती. कॅलेंडर असो, डायरी असो, परदेशी मासिक असो, त्यात भारताची सीमा चुकली असेल तर ते आधी पेनने दुरुस्त करायचे, मगच ती वस्तू घरात ठेवायचे. शनिवारी नीलिमा बाजारात गेली असताना ते चष्मा सावरत माझ्यासमोर उभे राहिले. "अरे, उद्या त्या देशाची पाहुणी घरी येणार आणि भिंतीवर असली अर्धवट सीमा? काय म्हणेल ती?" असं पुटपुटत त्यांनी नातीचा, स्वानंदीचा, शाळेचा अ‍ॅटलास उघडला. खिशातून निळं बॉलपेन काढलं. मला वाटलं, नुसतं मोजतायत. तोवर एका टोकापासून दुसऱ्या टोकापर्यंत, ठिपक्यांवरून, अगदी ठसठशीत...

"आजोबा, नको! दॅट्स अँटीक!" स्वानंदी जिन्यावरूनच किंचाळली.

माझ्या तोंडून शब्द फुटेना. नकाशाला तसंही बोलता येत नाही म्हणा! नीलिमाने आल्या आल्या ओल्या कापसाने पुसून पाहिलं. माझा कागद सोलवटला, रेघ मात्र हलली नाही. आणि ती नेमकी बामगोलवरून गेली होती.

"बाबा, अहो, मला विचारायचं तरी!"

"चांगलं करायला गेलो गं," सर म्हणाले आणि मटकन खाली बसले. त्या दिवशी ते जेवले नाहीत.

रविवारी सकाळी हे-रान आली. तिने मला पाहिलं आणि तिचा चेहरा पांढराफटक पडला. पण कॉल लागला होता. पडद्यावर सुरकुतलेली आजी डोळे बारीक करून शोधत होती. ती काय म्हणते, ते हे-रान इंग्रजीत सांगत होती.

"आजी विचारतेय, गाव कुठाय?"

हे-रानने रेघेवर बोट ठेवलं. "याच्याखाली, आजी."

आजीने चेहरा पडद्याच्या आणखी जवळ आणला, काहीतरी म्हणाली आणि हे-रान घुटमळली.

"ती विचारतेय, ही रेघ कुणी ओढली?"

अरुण सर उठले, कॅमेऱ्यासमोर गेले आणि हात जोडून म्हणाले, "मी. मी ओढली. चुकलो."

आजी बोलू लागली आणि हे-रान एकेक वाक्य सांगू लागली. "ती म्हणते, आमचं घर अलीकडे होतं, मावशीचं पलीकडे. लहानपणी बर्फावरून चालत जायचो. एके दिवशी शिपाई म्हणाले, इथे रेघ आहे, परत फिरा. मावशी पुन्हा दिसली नाही. ती रेघ कुणी ओढली, ते सांगायला आजवर कुणी आलं नाही. मी ओढली म्हणणारा हा पहिलाच माणूस."

मग आजी आणखी काही म्हणाली आणि हे-रान रडता रडता हसली. "सर, ती विचारतेय, तुम्ही जेवलात का? आमच्याकडे आपल्या माणसाची चौकशी अशीच करतात."

अरुण सरांनी नाही म्हणून मान हलवली आणि लहान मुलासारखे हुंदके देऊ लागले.

मित्रांनो, आम्हां जुन्या नकाशांना ओल लागू देऊ नका, घड्या पाडू नका. आणि कुणाच्या घरावरून रेघ ओढायचा मोह झालाच, तर आधी त्या घराचं दार वाजवा.